थोरलीची पहिली खेप

२ मार्च, रविवार. शहागड

जालन्याहून दुपारच्या बसने आलो. वडीगोद्रीला गाडी उगाच उभी, कंडक्टर चहाला. दादाच्या डाव्या हाताची मूठ अजून वळत नाही. अर्धांगाचा झटका येऊन दोन दिवाळ्या झाल्या. पाय ओढत ओट्यापर्यंत जातो, तेवढंच. त्याचे तिन्ही ट्रक विकून झाले. थोरली, मधली, धाकटी. घरात त्यांना हीच नावं होती, जणू सुनाच.

वहिनी दारातच भेटल्या. "या भावजी. तुमचे भाऊ आभाळात गेल्ते, अजून उतरले न्हाईत."

आतल्या खोलीत कॉम्प्युटर, त्यावर तो अवकाशाचा खेळ. जगभरची माणसं एकाच वेळी खेळतात. दादा मालवाहू यान चालवतो. एका ठाण्यावर खनिज भरायचं, दुसऱ्या ठाण्यावर उतरवायचं, परत भरायचं. कानावर हेडफोन, आवाज एवढा मोठा की मलाही ऐकू येतो. पलीकडे नितीन, त्याचा पोरगा, जर्मनीतून. त्याची रविवारची दुपार, आपली संध्याकाळ. दोघं जेवणवेळेपर्यंत बोलत होते.

"अप्पा, वेग कमी करा."
"केला."
"उजवीकडून कोण येतंय बघा."
"आपल्यावानीच हाये कोणीतरी. माल घिऊन चाललंय बिचारं."

फोनवर हेच दोघं: कसा आहेस, बरा आहे, गोळ्या घेता का, घेतो, ठेवतो. चार वर्षांत पोरगा घरी आलेला नाही. पण खेळात बोलायला काम असतं, आणि काम असलं की बापाला लेकाशी बोलता येतं.

(लिहून हात दुखतो. नितीन यापुढे नि.)

५ मार्च, बुधवार. जालना

पेपरचं सदर वेळेत दिलं. डेस्कवर होतो तेव्हाची सवय, पान सुटायच्या आत मजकूर.

दुपारी दादाचा फोन. नि.ची टोळी (तो 'ग्रुप' म्हणतो, दादा 'पोरं' म्हणतो) खेळातला मुलूख बदलते आहे. पार पलीकडे, नकाशाच्या काठावर. छोट्या यानांचं तिथवर इंधन पुरत नाही. ज्याच्याकडे मोठं यान, तोच जाणार. दादा मोठं घेणार. दीड वर्ष खनिज वाहून साठवलेलं सगळं त्यात घालणार.

"किती मोठं?"
"नित्या म्हन्तो, आपल्या गोदावरीच्या पुलाहून लांब."
"आणि नाही घेतलं तर?"
"तर ते जातील अन् मी हिकडं. मंग रविवारी काय करू? टीव्ही बघू?"

टीव्ही हा शब्द त्याने असा उच्चारला की पुढे काही विचारलं नाही.

९ मार्च, रविवार. शहागड

यान पसंत करायचा कार्यक्रम. नि. पलीकडून दाखवतो, दादा इकडून बघतो. ट्रकच्या चेसीभोवती फिरायचा तसा पडद्यावर यानाभोवती फिरला. पुढून, मागून, पोटाखालून.

"खालून गंजलंय का हे?"
"अप्पा, तो रंग आहे."
"रंगाखाली काय हाये ते म्या विचारून राह्यलो."

नि. पुष्कळ हसला. तो असा हसलेला मी कधी ऐकला होता, आठवत नाही.

नि. म्हणाला, आजच घ्या, भाव उतरलाय. दादा उखडला. "शिमगा तोंडावर आन् नवी गाडी? जर्मनीत जाऊन बिलकुल येडा झाला का तू? पाडव्याला घिऊ." मग नि.ने त्याच्या अटी सांगितल्या. दादाने हूं हूं केलं, म्हणून त्या मला पुन्हा सांगितल्या. एका मुलखातून दुसऱ्यात जायला कमान असते. लुटारू तिथेच टपलेले असतात, पडद्यावर लाल दिसतात. मोठं यान जड, वळायला वेळ घेतं. म्हणून पहिल्यांदा काढायचं ते रिकामं. नि. जागा असताना, त्याचा माणूस पुढे पाठवून. आणि कमानीशी थांबायचं नाही, काही झालं तरी.

"गेलं तर गेलं, काका. खेळ असला तरी परत मिळत नाही. त्यातला माल पण नाही."

नाव काय ठेवायचं? दादा म्हणाला, तू पेपरवाला, तू सुचव. मी तीन सुचवली. तिन्ही त्याला मथळ्यासारखी वाटली. शेवटी त्यानेच ठरवलं. थोरली.

१४ मार्च, शुक्रवार. जालना

धुळवड. बाहेर पडलो नाही. वहिनींचा फोन. दादा सकाळपासून खनिज वाहतो आहे, अजून थोडं कमी पडतंय म्हणे. "मला म्हन्त्यात डबा हितंच दे. अन् खाऊन झाल्यावर ताट बाजूला सारून म्हन्ले, ढाबा बरा हाये तुझा."

चिडल्या होत्या की खूश होत्या, कळलं नाही.

२३ मार्च, रविवार. शहागड

मला नोकरी लागली. दादाचा उजवा हात माउसवर असतो, डावीकडची बटणं त्याच्याने दाबली जात नाहीत. एवढे दिवस उजवाच इकडून तिकडे नेत होता. मोठ्या गाडीला तसं चालणार नाही. म्हणून डाव्या बाजूला खुर्ची टाकून मी. वेग कमी, वेग जास्त आणि बोलायचं बटण. ते दाबून धरलं तरच इकडचा आवाज नि.ला जातो, सोडलं की बंद.

"क्लीनर म्हून ठिवलाय मी तुला," दादा म्हणाला. "पगार न्हाई. दोन टाइम जेवण."

नि.ने त्याचा माल दादाच्या ठाण्यावर आणून टाकला. पुण्याच्या होस्टेलवर असल्यापासून जमवलेला: दुर्मिळ सुटे भाग, जुनी छोटी यानं, कुठल्याशा स्पर्धेतलं बक्षीस. थोरली आली की दोनतीन सावकाश खेपांत पलीकडे न्यायचा, नि. सोबत असताना. दादाने एकेक वस्तू उघडून पाहिली.

"हे काय हाये?"
"पहिलं यान माझं. विकलंच नाही."
"चालतं का?"
"चालत असेल."
दादा मला म्हणाला, बटण सोड. मी सोडलं. मग म्हणाला, "त्या वक्ताला आपल्याला म्हन्ला व्हता, अभ्यास करून राह्यलोय."

२९ मार्च, शनिवार. शहागड

मुक्कामालाच आलो. उद्या पाडवा. दादाने वहिनींकडून लिंबू-मिरची ओवून घेतली.

३० मार्च, रविवार. शहागड

गुढी उभारली. मग दादा अंगात नवा शर्ट घालून कॉम्प्युटरपुढे बसला. एक बटण दाबलं आणि थोरली आमची झाली. किल्ली नाही, कागद नाही, शोरूमचा माणूस हात मिळवत नाही. दादा थोडा वेळ तसाच बघत बसला. "झालं?" "झालं असावं."

वहिनी हळद-कुंकू घेऊन आल्या. पडद्याला लावू नका म्हणालो. "मंग कशाला लावू?" शेवटी कॉम्प्युटरच्या खालच्या डब्याला पाच बोटं उठवली. लिंबू-मिरची पडद्याच्या कोपऱ्याला.

मला वाटलं आता संध्याकाळपर्यंत थांबायचं. दादा माल भरायला लागला. नि.चा सगळा, स्वतःचा सगळा.

"दादा, रिकामी काढायची म्हणाला होता तो."
"नवी गाडी रिकामी काढली कुणी आजवर? तिन्ही टायमाला घरचं धान्य टाकून काढली. मंग लोकाचं भाडं."
"आणि संध्याकाळी..."
"मुहूर्त सकाळचा हाये. त्याला झोपू दे. उठंल तवा सांगू, पोचली म्हून."

शेवटचं वाक्य बोलताना त्याचा चेहरा असा होता की मी आणखी अडवलं नाही. त्याला लेकाला चकित करायचं होतं.

थोरली ठाण्यातून बाहेर पडायलाच केवढा वेळ. खरंच पूल सरकतोय असं वाटत होतं. वाट मोकळी होती. मी माझी बटणं बरोबर दाबली, दादाने दोनदा "बराबर" म्हटलं. कमान दिसायला लागली, निळसर, मोठी. दादा म्हणाला, थांबव.

"इथे?"
"शीव हाये न ही."

मला कळलंच. आमचे तिन्ही ट्रक नवे आले तेव्हा पुलाच्या अलीकडे उभे राहिले होते. पलीकडे बीड जिल्हा, आपली शीव संपली. नारळ फोडायचा, पाणी चाकाखाली सोडायचं, मग पूल. बाबांनी बैलगाडी घेतली तेव्हाही.

मी म्हटलं, थांबायचं नाही म्हणाला होता. दादा उठला होता. "कशालाच हात लावू नको. उभी राहू दे." आणि पाय ओढत उंबऱ्याकडे गेला.

पडद्यावर काहीच नव्हतं. मग कडेला एक लाल खूण आली. मग आणखी.

"दादा, लाल काहीतरी येऊन राह्यलंय!"
"आलो! फुटंना हे!"

एका हाताने नारळ फुटत नाही. खाली धरणारा हात त्याच्याकडे नाही. वहिनी म्हणत होत्या, "द्या इकडं, म्या फोडते." तो म्हणत होता, "सरक, गाडी माझी हाये." उंबऱ्यावर ठक्, ठक्. इकडे कॉम्प्युटरमधून धोक्याचा आवाज सुरू. वेगाचं बटण माझ्या बोटाखाली होतं. पण वळवायचं दादाच्या उजव्या हाताकडे. नुसता वेग वाढवला तर ती कुठे जाईल, मला काय ठाऊक. मी पुन्हा ओरडलो. तेवढ्यात नारळ फुटला. दादा तांब्यात पाणी झेलून, नीट, न सांडता, घेऊन आला.

पडद्यावर तुकडे तरंगत होते. थोरलीच्या जागी एक बारकी कुपी, आत दादा. चालक तेवढा वाचतो.

त्याने तांब्या की-बोर्डाशेजारी ठेवला. नारळाची दोन्ही भकलं ठेवली.

बाहेरून वहिनी: "झाली का पूजा?"



संध्याकाळी नि. आला. मी बटण धरलं. दादाने स्वतःच सांगितलं.
"नितीन, थोरली गेली."
"कुठं?"
"शिवेवर."
"थांबलात?"
"थांबलो."
"भरलेली?"
"भरलेली व्हती."
मग, "जेवलात का, अप्पा?"
"जेवलो."
"बरं. ठेवतो."

३१ मार्च, सोमवार. जालना

परतलो. बसमध्ये शेजारचा विचारत होता, पाडवा कसा झाला. चांगला, म्हणालो. बातमी असती तर चार ओळींत बसवली असती.

२ एप्रिल, बुधवार. जालना

नि.चा मला फोन. असा तो कधी करत नाही.

"काका, तुम्ही सांगा न त्यांना. ग्रुपचं एक मोठं यान शिल्लक आहे, ते देतो म्हटलं. म्हणाले, पोराच्या गाडीवर डायवर होऊ का?"
"मग?"
"मग म्हटलं, माझ्या यानात बसून चला. तर म्हणाले, मी काय सवारी हाये का? ट्रकमध्ये कधी शेजारच्या सीटवर बसलो न्हाई."

हे दोन्ही दादाचाच आवाज काढून सांगत होता. हसू येऊ नये अशा वेळी आलं, दोघांनाही.

म्हटलं, तू थोडं थांब की इकडच्या मुलखात. "तेराला निघायचं ठरलंय. सगळे माझ्यावर भरवसा ठेवून निघालेत. सगळ्यात मागं मी राहणार, कोणी राहिलं का बघायला. मीच नाही गेलो तर कसं?"

बरोबर आहे. त्याचंही बरोबर आहे.

तुझा माल गेला रे, म्हणालो. "जाऊ द्या. होस्टेलचा होता." मग म्हणाला, "पण चांगला होता."

ऑफिसच्या सुट्टीचं विचारलं. यंदाही अवघड आहे.

६ एप्रिल, रविवार. शहागड

दादा जुन्या बारक्या यानातून खनिज वाहतोय. दीड वर्षापूर्वी होता तिथे. नि. आला, पण त्याच्या लोकांच्या गडबडीत होता, इंग्रजीत. दादा ऐकत राहिला. मधेच म्हणाला, "काम करून राह्यलाय त्यो. बटण सोड."

वहिनींनी हेडफोन मागितला. खेळात त्या पहिल्यांदाच बोलल्या. "नितीन, मी हाये. तुझी आई. तिकडं दूर जाऊन राह्यलास म्हने?" नि. म्हणाला, आई, मी घरातच आहे, खुर्चीत. "ते मला ठाव हाये. मंग खुर्चीतून उठून हिकडं यायला काय झालं?" नि. हसला, दादासुद्धा हसला.

जेवताना दादासमोर विषय काढला. दिलेलं घ्यावं, त्यात कमीपणा काय. माझं बोलणं मुद्देसूद होतं. दादाने भाकरीचा तुकडा मोडला.

"दिना, तू मधी पडू नको. तू क्लीनर हाईस."

हात धुताना वहिनी हळूच: "भावजी, एवढं पेपरात लिहिता, ह्या दोघाला दोन शब्द पटवता येईनात?"

नाही येत.

९ एप्रिल, बुधवार. जालना

सदर उशिरा गेलं. संपादकाचा मुलगाच हल्ली पान बघतो. म्हणाला, सर, तब्येत बरी आहे ना? उसाच्या पाण्याच्या पाळीवर लिहायचं होतं. लिहिलंही. तीनदा पुसलं.

दादाला फोन केला. "काय करून राह्यला?" "माल भरून राह्यलो." "कुठे न्यायचा?" "न्यायचा कुठंतरी."

१३ एप्रिल, रविवार. शहागड

ऊन फार. लाईट दुपारभर नव्हती, संध्याकाळी आली. मला आधी वाटलं दादा बसणारच नाही, पण बसला. बारकं यान ठाण्यात उभं, माल भरलेला, बाहेर काढलं नाही. नकाशा उघडून ठेवलाय. नि.च्या लोकांच्या हिरव्या खुणा त्याच कमानीकडे चालल्यात. हेडफोन काढून आवाज खोलीत सोडला आहे.

नि. एकेकाचं नाव घेतोय, तो माणूस हो म्हणतो, कमान ओलांडतो, खूण नाहीशी होते. दादा प्रत्येक खुणेला मान हलवतो. वहिनी दारात उभ्या राहून गेल्या.

आता कमानीशी एकच खूण. नि.ची. शेजारी तिचा वेग दिसतो.

"शून्य हाये का ते?" दादाने विचारलं. त्याला चष्म्याशिवाय वाचता येत नाही.
"शून्य आहे."
"थांबला?"
"थांबलाय."

पलीकडून त्याचे लोक हाका मारताहेत, इंग्रजीत, चल म्हणून. तो उत्तर देत नाही. आम्ही ऐकतोय हे त्याला माहीत आहे. आमचं नाव त्याला यादीत दिसतं.

दादा म्हणाला, "असं उभं राहायचं नसतं तिथं. त्यालाच ठाव न्हाई का?"

मी बोलायचं बटण दाबलं. सांगितलं नव्हतं कुणी. बोल, अशी खूण केली. दादा माइककडे बघत राहिला. मग खुर्चीचा हात धरून उठला आणि आत गेला. कशाला हात लावू नको असं या वेळी म्हणाला नाही.

डायरी इथे कोपराशीच असते. उजव्या हाताने हे लिहितोय, डाव्याचं बोट बटणावर. सोडलेलं नाही. म्हणजे खोलीतलं सगळं नि.ला ऐकू जात असणार. पंखा, ओढत चाललेला पाय, स्वयंपाकघराचं दार.

"आगं, नारळ हाये का घरात?"
"हाये. कशाला?"
"दी इकडं."
"फुटंल का तुम्हाला?"

ओढता पाय उंबऱ्याशी आला.

"तू धर. म्या मारतो."

पहिला ठोका पडला. दुसरा. पडद्यावर नि. उभाच. त्याने त्याचं बटण दाबलेलं आहे, नावाशेजारी दिवा लागलाय, पण बोलत नाही. वेग शून्य. लाल अजून काही दिसत नाही.